फेलिसियाँ कासान्यचा आवाज

फेलिसियाँ गेला तेव्हा जिल्ह्याच्या पेपरात चार ओळी आल्या, आणि त्यातल्या दोन चुकीच्या. त्याचा जन्म जवळच्या फिजाक शहरातला असं छापलं होतं. तो आमच्या लाकापेलचा. अक्रोडाच्या तेलघाण्यावरच्या खोलीत जन्मला आणि सुईण माझी सख्खी आत्या होती. दुसरी चूक म्हणजे 'दुय्यम भूमिकांतला सुपरिचित नट'. सुपरिचित म्हणे! तीस-बत्तीस वर्षं हा माणूस सिनेमात आणि टीव्हीवर दिसला, पण अख्ख्या फ्रान्समध्ये शंभर लोकांना त्याचं नाव ठाऊक नसेल. चेहरा मात्र ठाऊक होता. बाजारात लोक त्याला थांबवायचे, निरखून बघायचे आणि विचारायचे, "मोसिए, आमच्या सासऱ्यांच्या जमिनीची वाटणी तुम्हीच केली होती ना?" कारण फेलिसियाँ बहुतेक वेळा नोटरी व्हायचा. काळा कोट, चष्मा, हातात मृत्युपत्र. तीन वाक्यं वाचायची, नातेवाइकांना भांडायला लावायचं आणि निघून जायचं. एका बाईनं तर फिजाकच्या बाजारात त्याला कोपऱ्यात गाठून भावाविरुद्धचं सगळं गाऱ्हाणं ऐकवलं, आणि या शहाण्यानं अर्धा तास उभं राहून तिला सल्ला दिला. वर मला म्हणतो, "काय करू युगेत, तिला इतका विश्वास वाटत होता."

युगेत म्हणजे मी. लाकापेलच्या चौकातला कॅफे माझा, आधी माझ्या वडलांचा. फेलिसियाँ आम्हा गाववाल्यांचा फेली; त्याच्यापेक्षा मी दोन वर्षांनी लहान. पेपरवाल्यांनी एक फोन केला असता तर मी सगळं नीट सांगितलं असतं. त्यांनी केला नाही, म्हणून आता मीच लिहायला बसले आहे.

फेली सहा वर्षांचा असताना त्याची आई गेली. मागे राहिले बाप-लेक आणि तेलाचा घाणा. बापाचं नाव उर्बाँ, पण त्यांना गावात सगळे कासान्यबाबाच म्हणत. घाण्याच्या दगडासारखा माणूस: रुंद, जड, आणि एकदा फिरायला लागला की मधे थांबणं नाही. नोव्हेंबर लागला की त्यांच्या घरी अक्रोड फोडायच्या बैठका व्हायच्या. लांब टेबलाभोवती शेजारीपाजारी बसायचे, प्रत्येकाच्या हातात लाकडी हातोडी. टरफल एका बाजूला, गर दुसऱ्या बाजूला. हाताला काम आणि तोंडाला मोकळीक. त्या टेबलाच्या टोकाला उभा राहून फेली नकला करायचा. पाद्रीसाहेबांची सर्दी, पोस्टमनचं लंगडणं, माझ्या वडलांचं ग्लास पुसता पुसता खोटं बोलणं. आम्ही हसून हसून अक्रोडाऐवजी बोटांवर हातोडी मारून घ्यायचो.

एकदा त्यानं थेट बापाचीच नक्कल केली. कासान्यबाबांची शाब्रो करायची पद्धत सगळ्या गावाला पाठ होती. सूप तळाशी उरलं की त्यात लाल वाइन ओतायची, वाडगा दोन्ही हातांत धरून हलवायचा, तोंडाला लावायचा आणि एका दमात संपवायचा. शाब्रो आम्ही सगळेच करतो. पॅरिसवाले नाक मुरडतात, मुरडू देत. पण कासान्यबाबा वाडगा खाली ठेवून, मिशी पुसून, दर वेळी एकच वाक्य म्हणायचे, "चला, हाही हिवाळा निघाला." भर जुलैमध्येसुद्धा हेच. नऊ वर्षांच्या फेलीनं ते सगळं जसंच्या तसं केलं. तो घोट, तो सुस्कारा, नसलेली मिशी पुसणं, आणि तो जाडाभरडा आवाज. सगळे कासान्यबाबांकडे बघू लागले.

"मूर्खा," कासान्यबाबा म्हणाले, "वाइन जास्त ओतलीस. तळाला दोन बोटं सूप असलं तर वाइन एकच बोट. कितीदा सांगायचं?" आणि मग ते असे हसले की टेबलावरचे अक्रोड घरंगळून खाली पडले. फेलीची ती पहिली भूमिका. माझं मत विचाराल तर नंतरच्या तीस वर्षांत त्यानं तेवढं चांगलं काम फार कमी वेळा केलं.

विसाव्या वर्षी तो पॅरिसला नाट्यशाळेत गेला. बापानं अडवलं नाही. पाच लिटर अक्रोडाचं तेल दिलं आणि म्हणाले, "हे खा आणि दुसऱ्याचं तेल घेऊ नकोस." नाट्यशाळेतल्या मास्तरांनी पहिल्याच दिवशी त्याचं बोलणं ऐकून सांगितलं, "या हेलानं तू फार तर सॉसेज विकशील." आमच्याकडे शब्दाच्या शेवटाशी जरा रेंगाळतात, पाहुण्याला फाटकापर्यंत सोडायला जावं तसं. पॅरिसवाले शब्द कात्रीनं कापतात. त्या मास्तरांनी फेलीच्या दातांत वाइनच्या बाटलीचं बूच ठेवलं आणि बूच न पाडता उतारेच्या उतारे म्हणायला लावले. रोज दोन तास. हे त्यानं घरी पत्रात मोठ्या कौतुकानं कळवलं. कासान्यबाबांनी ते पत्र माझ्या वडलांना कॅफेत वाचून दाखवलं आणि म्हणाले, "बूच बाटलीला लावतात. माणसाला बूच लावलेलं मी पहिल्यांदाच ऐकतोय."

सहा वर्षं अशीच गेली. नाटकात भालदार-चोपदार, जाहिरातीत पाठमोरा माणूस. मग एकदाचा त्याला सिनेमा मिळाला. पोलीस इन्स्पेक्टरचं काम, अकरा वाक्यं. अकराच्या अकरा वाक्यं त्यानं पत्रात लिहून पाठवली होती आणि कासान्यबाबांनी ती पाठ केली होती, घाणा चालवता चालवता म्हणायचे. सिनेमा फिजाकला लागल्याची जाहिरात पेपरात आली तशी त्यांनी बस ठरवली. चाळीस माणसं निघाली. मी नवा निळा फ्रॉक घातला होता. कासान्यबाबांनी लग्नातला कोट काढला होता, तो पोटावर लागत नव्हता, पण काढला होता.

विसाव्या मिनिटाला फेली पडद्यावर आला. आम्ही ओरडलो, टाळ्या वाजवल्या. त्यानं टोपी काढली, तोंड उघडलं, आणि त्यातून भलत्याच माणसाचा आवाज बाहेर आला. पातळ, गुळगुळीत, पॅरिसचा आवाज. ओठ फेलीचे, दात फेलीचे, आवाज कुणाचा कोण जाणे. कासान्यबाबा उभे राहिले. काळोखात त्यांनी माणसांच्या पायांवर पाय देत वाट काढली, जिना चढले आणि यंत्र चालवणाऱ्या माणसाच्या खोलीचं दार ठोकायला लागले. अख्ख्या थिएटरला ऐकू येत होतं.

"तुझं यंत्र बिघडलंय! बंद कर आधी! माझ्या पोराच्या तोंडात दुसऱ्याचा आवाज घुसलाय!"

"यंत्र ठीक आहे हो, मोसिए."

"ठीक काय, डोंबल! मला माझ्या पोराचा आवाज कळत नाही?"

"अहो, असं करतात ते. नटाचं बोलणं आवडलं नाही की स्टुडिओत दुसऱ्याचा आवाज भरतात. डबिंग म्हणतात त्याला. त्यात माझा काय दोष?"

कासान्यबाबा परत खाली आले नाहीत. आम्ही बाहेर आलो तेव्हा ते बसमध्ये पहिल्या बाकावर कोट मांडीवर घेऊन बसले होते. अर्ध्या वाटेवर ते बोलले, कुणाकडे न बघता. "आवाज दुसऱ्याचा घ्यायचा होता तर तोंडही दुसऱ्याचंच घ्यायचं." आणि मग माझ्याकडे वळून, "युगेत, तो ज्या दिवशी स्वतःच्या तोंडानं बोलेल त्या दिवशी मला हाक मार. तोवर मी त्या पडद्याकडे बघायचा नाही."

दुसऱ्या दिवशी फेलीचं पत्र आलं. 'बाबा, सिनेमा फिजाकला आला तर जाऊ नका. का ते भेटल्यावर सांगेन.' टपाल एक दिवस आधी आलं असतं तर किती बरं झालं असतं, असं मला आजही वाटतं.

या एका गोष्टीनं फेलीचं पुढचं सगळं आयुष्य ठरवून टाकलं. पुन्हा कुणी आपला आवाज काढून घेऊ नये म्हणून त्यानं तो स्वतःच बदलला. बूच पुन्हा दातांत धरून, आता हट्टानं, वर्षभरात तो असा पॅरिसचा झाला की खुद्द पॅरिसवाल्यांनी विचारावं, आपण कुठल्या पेठेतले? मग कामं मिळायला लागली. नोटरी, डॉक्टर, बँकेचा मॅनेजर, दुसऱ्या नंबरचा इन्स्पेक्टर, आणि प्रेत. प्रेत तो फार छान व्हायचा. टीव्हीच्या साप्ताहिकात नटांची पाच नावं छापतात आणि पुढे 'इतर कलाकार'. फेली कायम सहावा. पण मला तो कळवायचा आणि मी सगळ्यांना सांगायची.

माझ्या कॅफेत टीव्ही आला त्या दिवसापासून कासान्यबाबांनी आपली खुर्ची फिरवली. शेगडीजवळची जागा त्यांची, तिथे ते टीव्हीकडे पाठ करून बसायचे आणि मार्सोबरोबर पत्ते खेळायचे. मार्सो म्हणजे गावचा माजी पोस्टमन, ज्याची नक्कल फेली करायचा तोच. जीभ अशी तिखट की विचारू नका.

"उर्बाँ, तुझा पोरगा मेला बघ परत."

"कुणी मारला?" पत्त्यांतून मान वर न काढता.

"मेव्हण्यानं. विष घालून."

"जेवणात?"

"कॉफीत."

"बरं झालं. चांगलं जेवण तरी वाया गेलं नाही. टाक पान."

आम्ही हसायचो. पण मी काउंटरमागून बघायची ना. फेलीचा प्रसंग सुरू झाला की त्यांच्या हातातलं पान जरा वेळ हातातच राहायचं. पाठ टीव्हीकडे, कान टीव्हीकडे. आणि त्या कानांना ऐकू यायचा बुचातून आलेला आवाज. मग ते पान टाकायचे.

दर ऑगस्टला फेली घरी यायचा, आठ-दहा दिवस. घाण्याचं छप्पर नीट करायचा, लाकडं फोडायचा. पण बोलायला लागला की ते कापलेले, इस्त्री केलेले शब्द. आमचा हेल त्याच्या जिभेवरून पार उतरला होता. एका ऑगस्टमध्ये मी त्यांच्याकडे जेवायला होते. फेली म्हणाला, "बाबा, सूप अतिशय उत्तम झालं आहे." कासान्यबाबांनी पळी खाली ठेवली आणि अदबीनं विचारलं, "आणखी घेणार का, मोसिए? मीठ बेताचं आहे ना आपल्याला?"

फेली हसला. मलाही हसू आलं, कारण कासान्यबाबा अशी टिंगल कुणाचीही करायचे. पण दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशी तेच. त्यानंतर ते पोराशी कायम असंच बोलत राहिले. पाहुण्याशी बोलावं तसं.

"युगेत, मला माझा आवाज सापडत नाही गं," फेली मला कॅफेच्या मागच्या अंगणात म्हणाला होता. तेव्हा तो चाळिशीचा होता आणि लहान मुलासारखा रडत होता. "एकटा असताना येतो कधीकधी. त्यांच्यासमोर बसलो की जीभ आपोआप ताठ होते."

"मग एकदा वाकडं बोल ना! काय होईल?"

"ती नक्कल होईल. त्यांना कळेल."

मी चिडले. बाप हट्टी, पोरगा भित्रा, आणि मधल्या मधे मी. पण खरं सांगायचं तर तो म्हणत होता ते बरोबर होतं. कासान्यबाबांना कळलं असतं.

मग त्यांचे डोळे जायला लागले. आधी पत्त्यांवरचे राजा-राणी एक झाले, मग मार्सोचं तोंड दिसेना, आणि ऐंशीव्या वर्षी सगळाच अंधार. डॉक्टर म्हणाले, उपाय नाही. तरी रोज काठी टेकत कॅफेत यायचे, शेगडीजवळच्या खुर्चीत बसायचे. आणि खुर्ची? टीव्हीकडे पाठ करूनच. मार्सो म्हणाला, "अरे, आता तरी सरळ बस. तुला काय दिसणार आहे?" तर म्हणाले, "मी शब्द दिलाय. डोळे गेले म्हणून शब्द गेला का?"

त्याच वर्षी, जूनमध्ये, टीव्हीवाले आमच्याकडे आले. अक्रोडाच्या बागा असलेल्या एका घराण्याची गोष्ट, चार भागांत. शेजारच्या वाडीत शूटिंग. गावातले अर्धे लोक शोक करणारे नातेवाईक म्हणून भाड्यानं घेतले, मार्सोला काळी टोपी मिळाली. मोठ्या नटांना आमच्यासारखं बोलता यावं म्हणून पॅरिसहून शिकवणी घ्यायला एक बाई आणली होती, आणि ती त्यांना कुठल्या कुठे दूर असलेल्या मार्सेयच्या बंदरावरचा हेल शिकवत होती! मी ऐकलं आणि कपाळाला हात लावला. आणि नोटरी? नोटरी अर्थातच फेलिसियाँ कासान्य. तो शिकलेला माणूस, म्हणून त्यानं मात्र शुद्ध पॅरिसचं बोलायचं.

मी तिथे कशी पोहोचले, तर सुपामुळे. दफनानंतरच्या जेवणाचा प्रसंग होता, आणि सामान बघणाऱ्या माणसानं पाकिटातलं सूप आणलं होतं. मी म्हटलं, माझ्या गावाच्या नावानं पाकिटातलं सूप दाखवाल तर बघा. मग त्यांनी मलाच स्वयंपाकघरात बसवलं. मी आमचं लसणाचं सूप केलं, बदकाच्या चरबीत परतलेलं, वर व्हिनेगरचा थेंब.

शॉटच्या आधी फेली आत आला. काळा कोट, चष्मा. पातेल्यावर वाकून त्यानं वास घेतला आणि तसाच उभा राहिला.

"आता त्यांना दिसत नाही, युगेत."

"माहितेय मला."

"आता फक्त ऐकूच येणार. आणि ऐकू काय येणार? ते बूच." तो हळूच म्हणाला, "त्यांच्या कानावर पडणारं माझं हे शेवटचंच काम असेल. ते ऐंशीचे आहेत."

"मग आपल्या आवाजात बोल की!"

"बोललो तर दिग्दर्शक दुसऱ्याचा आवाज भरेल. पुन्हा तेच. पुन्हा फिजाक. आणि ही कंपनी पुढच्या मालिकेत मला बारा भागांचं काम देतेय. बारा भाग, युगेत! आजवर मला कुणी दोन भाग दिले नाहीत."

माझे हात गप्प बसेनात. टेबलावरच्या बाटलीत सामानवाल्यानं द्राक्षाचा रस भरला होता. मी तो मोरीत ओतला आणि माझ्या घरची काळीभोर वाइन भरली. का केलं, तेव्हा मला धड सांगता आलं नसतं.

आठ वेळा शॉट झाला. कधी मुख्य नटी शब्द विसरली, कधी कोंबडा आरवला, कधी मार्सो कॅमेऱ्याकडे बघून हसला. दर वेळी मी गरम सूप वाढत होते आणि दर वेळी फेली स्वच्छ, गुळगुळीत आवाजात म्हणत होता, "मृत्युपत्र स्पष्ट आहे, मादाम. हे घर कोणालाही विकता येणार नाही." नवव्यांदा त्याचं सूप खरंच तळाशी आलं होतं. मी दारातून बघत होते. त्याचा हात बाटलीकडे गेला. त्यानं वाइन ओतली, वास त्याच्या नाकापर्यंत गेला असावा, कारण क्षणभर तो थांबला. मग त्यानं वाडगा दोन्ही हातांत धरला, हलवला, तोंडाला लावला, एका दमात संपवला. खाली ठेवला. मिशी पुसली. खरी मिशी होती या वेळी, पिकलेली.

"चला," तो म्हणाला, "हाही हिवाळा निघाला." आणि त्याच सुरात, शब्दाला फाटकापर्यंत सोडत, "मृत्युपत्र स्पष्ट आहे, मादाम. हे घर कोणालाही विकता येणार नाही."

नक्कल नव्हती ती. नक्कल मी नऊ वर्षांच्या पोराची बघितली होती, मला फरक कळतो. टेबलाभोवतीचे आमचे लोक कॅमेरा विसरून त्याच्याकडे बघत राहिले. मार्सोनं टोपी काढली.

दिग्दर्शक सोरेल, पस्तिशीचा माणूस, म्हणाला, "थांबा. हे काय होतं?" मग जरा विचार करून, "वाडग्याचं छान आहे, ठेवू या. बोलणं मात्र नंतर स्टुडिओत नीट करून घेऊ, कासान्य. सप्टेंबरात या."

फेलीच्या तोंडावरचा रंग उडाला. बाहेर आल्यावर मला म्हणाला, "मी नाही केलं. हातानं केलं."

"हात तुझाच ना?" मी म्हटलं.

सप्टेंबरात त्याला स्टुडिओतून फोन आला. तो गेला नाही. ते म्हणाले, तुम्ही नाही आलात तर आम्ही दुसऱ्याकडून करून घेऊ, आवाजांना तोटा नाही. तो म्हणाला, "घ्या. मी माझं एकदा बोललोय." आयुष्यभर मान खाली घालून हो म्हणणारा माणूस! बारा भागांचं काम गेलं. ज्या नटाला ते मिळालं तो आज साऱ्या देशाला ठाऊक आहे. काम नसलेल्या दिवसांसाठी नटांना सरकारी भत्ता मिळतो, पण वर्षात ठरावीक तास काम केलं तरच; फेलीचे तास भरले नाहीत आणि तो भत्ताही वर्षभर बंद झाला. हे त्यानं मला फोनवर असं सांगितलं, जणू आज जरा थंडी आहे.

फेब्रुवारीत एका सोमवारी संध्याकाळी तो भाग लागला. फेली दुपारच्या गाडीनं आला होता, पण बापासमोर जाईना. माझ्या स्वयंपाकघराच्या दाराशी भिंतीला टेकून उभा राहिला. कुणाचा आवाज ऐकू येणार, हे त्यालाही माहीत नव्हतं. कॅफे माणसांनी भरलेला, आपापली तोंडं टीव्हीवर बघायला आलेली. कासान्यबाबा खुर्चीत, काठी गुडघ्यांमधे, टीव्हीकडे पाठ.

"आज कसा मरतोय?" त्यांनी विचारलं.

"आज मरत नाही," मार्सो म्हणाला. "आज जेवतोय."

मुख्य नटी बोलली, मार्सेयच्या बंदरावरचं. लोक फिदीफिदी हसले. मग जेवणाचा प्रसंग आला. चमचे वाजले. बाटलीतून वाइन पडल्याचा आवाज आला. मग तो लांब घोट. वाडगा लाकडावर टेकला. मी डोळे मिटून घेतले.

"चला, हाही हिवाळा निघाला."

फेलीचाच होता. नंतर कळलं की स्टुडिओत दुसऱ्या दोघा नटांचे आवाज भरून पाहिले होते. त्या घोटानंतर एकही शोभेना, म्हणून वैतागून होतं तेच राहू दिलं. पण त्या क्षणी आम्हाला हे काही माहीत नव्हतं. आम्ही फक्त ऐकत होतो. नोटरी म्हणत होता की हे घर कोणालाही विकता येणार नाही, आणि कॅफेत कुणी खोकतसुद्धा नव्हतं.

मी डोळे उघडले तेव्हा कासान्यबाबा उभे राहत होते. त्यांनी काठी शेगडीला टेकवली. हातानं चाचपत खुर्चीची पाठ शोधली, दोन्ही हातांनी धरली आणि खुर्ची फिरवली. पाय फरशीवर खरखरले. मार्सो मदतीला उठला तर त्याला कोपरानं ढकललं. मग ते बसले, टीव्हीसमोर, सरळ, हात मांडीवर ठेवून, फिजाकच्या थिएटरात सुरुवातीला बसले होते तसे. सत्तावीस वर्षांनी. तोवर तो प्रसंग संपून मोटारीची जाहिरात लागली होती. ते जाहिरातीकडे तोंड करून बसून राहिले.

"आवाज वाढव, युगेत."

"त्याचं झालं, कासान्यबाबा," मी म्हटलं. "जाहिरात चाललीय."

"चालू दे. बसतो मी." मग म्हणाले, "त्याला फोन केलास तर सांग, वाइन जास्त ओतली त्यानं. मला ऐकू आलं."

दाराशी काहीतरी हललं. फेली पुढे आला होता, चार पावलं, आणि तिथेच थांबला होता.

"दोन बोटं सूप होतं, बाबा," तो म्हणाला. आमच्यासारखं, रेंगाळत.

कासान्यबाबांनी मान वळवली नाही. तोंड टीव्हीकडेच ठेवलं आणि शेजारची खुर्ची हातानं चाचपून जवळ ओढली.

"मग वाइन एकच बोट," ते म्हणाले. "मूर्खा. कितीदा सांगायचं? ये, बस इथे. जेवलास का?"